वय ४१, शिक्षिकेची नोकरी, ६ लाख रुपये आणि सुमित्रा भावेंची वाट

तुमचा प्रश्न दोनदा वाचला. इतरांनाही कळावं म्हणून थोडक्यात परत मांडतो. तुम्ही बीड जिल्ह्यात जिल्हा परिषदेच्या शाळेत शिकवता, वय ४१. दिवाळीच्या सुमारास वर्गातली निम्मी पोरं आईबापाबरोबर ऊसतोडीला निघून जातात, काही गावात आजीजवळ राहतात, आणि अशा मागे राहिलेल्या एका मुलीवर तुम्हाला फिल्म करायचीय. साठवलेले ६ लाख आहेत. मराठी दिग्दर्शिका सुमित्रा भावेंच्या फिल्म्स बघून हे डोक्यात बसलं. आता विचारताय की नोकरी सोडू का, कॅमेरा कुठला घेऊ, आणि स्वतःची शैली कशी सापडते.

कॅमेऱ्याचं आधी संपवून टाकतो. विकत घेऊ नका. पुण्या-मुंबईत दिवसाच्या भाड्यानं सगळं मिळतं आणि बरेच कॅमेरामन स्वतःचा सेट घेऊनच येतात. पैसे घालायचेच तर आवाजावर घाला, म्हणजे चांगला साउंड रेकॉर्डिस्ट, बूम (लांब दांड्यावरचा माइक), दोन-तीन लेपल (कपड्याला लावायचे छोटे माइक). चित्र थोडं कमीजास्त झालं तर प्रेक्षक चालवून घेतो, पण पोरगी काय बोलली ते ऐकू आलं नाही की त्याचं लक्ष उडालंच, आणि नंतर स्टुडिओत नेऊन डबिंग करायला गेलात तर दहा वर्षांच्या मुलीचं ते बोलणं तसंच्या तसं परत मिळत नाही.

बाकीचे दोन प्रश्न, नोकरी आणि शैली, मला वेगळे वाटतच नाहीत. दोन्हीच्या मुळाशी एकच गोष्ट आहे: ही फिल्म सगळ्यात आधी कुणी बघावी असं तुम्हाला वाटतं? तुमच्या वर्गातल्या पोरांनी आणि त्यांच्या आईबापांनी, की व्हेनिस-रॉटरडॅमसारख्या परदेशी फिल्म फेस्टिव्हलच्या निवड समितीनं? दोन्ही उत्तरं मला मान्य आहेत, त्यात उच्च-नीच काही नाही. पण आधी कोण, हे ठरलं की पैसा कुठून येणार, वेळ किती मिळणार, पात्रं कशी बोलणार हे बरंचसं आपोआप ठरत जातं. भावेंच्या सगळ्या कामातून मी शिकलो ते हेच.

मी स्वतः पुण्यात बरीच वर्षं छोट्या फिल्म्स करतोय, संस्थांसाठीच्या जास्त, स्वतःच्या कमी. सुमित्रा भावे आणि त्यांचे सहदिग्दर्शक सुनील सुकथनकर यांच्या युनिटमध्ये मी कधी नव्हतो त्यामुळे आतल्या गोष्टी सांगणार नाही, जे पडद्यावर दिसतं आणि जे जाहीर आहे त्यावरूनच बोलतोय.

तर बघा, सुमित्राताईंचा जन्म १९४३ चा, पुण्याचा. शिक्षण समाजशास्त्र-राज्यशास्त्राचं, नंतर मुंबईत टाटा इन्स्टिट्यूटमध्ये समाजकार्याचं, मग पुण्यात कर्वे समाजसेवा संस्थेत शिकवणं. म्हणजे त्याही तुमच्यासारख्या शिक्षिकाच. वस्तीतल्या बायकांच्या आयुष्यावर त्यांनी संशोधन केलं, दलित बायकांच्या कहाण्या त्यांच्याच तोंडून नोंदवल्या. आणि मग अडचण अशी की ज्या बायकांनी आपलं आयुष्य तासन् तास उलगडून सांगितलं त्यांच्यातल्या कितीतरी जणींना वाचताच येत नाही, म्हणजे तो अहवाल, ते पुस्तक त्यांच्यापर्यंत पोचणारच नाही. मग त्यांचं त्यांना परत कसं द्यायचं? या प्रश्नातून १९८५ मध्ये 'बाई' ही छोटी फिल्म झाली. तेव्हा त्या ४२ वर्षांच्या होत्या. 'बाई'ला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, १९८७ मध्ये 'पाणी' केली, तिलाही मिळाला. पहिलं फीचर, म्हणजे पूर्ण लांबीची फिल्म, 'दोघी', १९९५ मध्ये, बावन्नाव्या वर्षी. 'कासव'ला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचं राष्ट्रीय सुवर्णकमळ जाहीर झालं २०१७ मध्ये, तेव्हा वय ७४. त्यामुळे ४१ ला उशीर झाला का हा प्रश्न तुम्ही काढूनच टाका.

यातली तारीख-वार यादी महत्त्वाची नाही. त्यांना आधी फिल्ममेकर व्हायचं होतं आणि मग त्या विषय शोधत फिरल्या, असं झालेलं नाही. हातात माणसं होती, त्यांचं देणं होतं, आणि ते फेडायला फिल्मच उपयोगी पडणार होती. तुमच्या प्रश्नात पहिल्याच परिच्छेदात त्या मुलीचं वर्णन आहे आणि फिल्म हा शब्द नंतर येतो, म्हणून मी एवढं लांबलचक लिहायला बसलोय.

दुसरी गोष्ट, सुमित्राताई पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकल्या नव्हत्या, पण सुनील सुकथनकर शिकले होते. 'बाई'च्या काळापासून शेवटपर्यंत, म्हणजे पस्तीसएक वर्षं, दोघांनी मिळून काम केलं. पटकथा-संवाद ताईंचे, बऱ्याच फिल्म्सचं कलादिग्दर्शन आणि वेशभूषाही त्यांचीच, गाणी सुनीलची, दिग्दर्शन दोघांचं, 'विचित्र निर्मिती' ही संस्था दोघांची. लोक स्वतंत्र फिल्ममेकर म्हटलं की एकट्या माणसाचं चित्र डोळ्यापुढे आणतात, तसं प्रत्यक्षात फार क्वचित असतं. तर माझा तुम्हाला प्रश्न, तुमच्याकडे असं कोण आहे? तंत्र जाणणारा आणि तुमच्या विषयावर तुमच्याइतकाच जीव असणारा माणूस. नसेल तर ६ लाखातला पहिला रुपया खर्च करायच्या आधी तो शोधा. बीडहून नगर लांब नाही, तिथल्या कम्युनिकेशन स्टडीजच्या विभागातून नागराज मंजुळे शिकून गेले, त्यांचीही सुरुवात 'पिस्तुल्या' या छोट्या फिल्मपासून, तिला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला आणि 'फँड्री' २०१३ मध्ये आली. अशा विभागात शिकणारी, आपल्याच भागातली पोरं तुमची भाषा जाणतात, ऊसतोड म्हणजे काय हे त्यांना समजावून सांगावं लागत नाही. पुण्यात दर उन्हाळ्यात फिल्म इन्स्टिट्यूट आणि फिल्म अर्काइव्ह मिळून चित्रपट रसास्वादाचा महिनाभराचा कोर्स घेत आलेत, तो सुट्टीत जमला तर तिथेही अशी माणसं भेटतात.

आता पैसा आणि शैली. माझं मत असं की स्वतंत्र फिल्मची शैली ही निम्मी तिला मिळालेल्या वेळेतून तयार होते. दिग्दर्शक चैतन्य ताम्हाणेचं उदाहरण घ्या. 'कोर्ट' ही फिल्म लिहायला त्याला वेळ मिळाला कारण विवेक गोम्बरनं, जो पुढे निर्माता झाला आणि त्यातला बचाव पक्षाचा वकीलही, त्याला लिहिण्याच्या काळात दरमहा पैसे दिले. मग कोर्टात जाऊन बसणं, अभिनय न केलेली शेकडो माणसं बघून त्यातून पात्रं निवडणं, एकेका शॉटचे ढीगभर टेक, हे सगळं करता आलं. लोकशाहीर नारायण कांबळे झालेले वीरा साथीदार हे मुळात नागपूरचे कार्यकर्ते आणि संपादक. त्या फिल्ममधला कॅमेरा लांब आणि स्थिर उभा असतो, कुणी येतं, कुणी जातं, न्यायाधीश तारीख देतो, आणि तो हलत नाही. असं चित्रण परवडायला हाताशी वेळ लागतो, कारण फ्रेममधल्या पंधरा माणसांपैकी एकही खोटा वागला तर टेक गेला. २०१४ मध्ये व्हेनिसला त्या फिल्मला दोन पुरस्कार मिळाले, पुढे सुवर्णकमळ. मला ती फिल्म अतिशय आवडते. पण तुम्ही ६ लाखात आणि आठ दिवसांच्या रजेत ती पद्धत उचलायला गेलात तर निम्मी फिल्मसुद्धा हातात येणार नाही.

भावेंची पद्धत उलट बाजूनं येते. बजेट छोटं, तर मग सगळा विचार आधी कागदावर. संवाद पूर्ण लिहिलेले, पुन्हा पुन्हा तीच विश्वासाची माणसं बरोबर. देविका दफ्तरदार, किशोर कदम, डॉ. मोहन आगाशे, इरावती हर्षे ही नावं तुम्हाला एकापेक्षा जास्त फिल्म्समध्ये दिसतील. ज्यांना एकमेकांची सवय आहे अशा लोकांबरोबर शूटिंगच्या दिवशी समजावण्यात वेळ जात नाही. आणि विषय असे की त्यांच्यामागे आधीच माणसं उभी असतात. 'देवराई' स्किझोफ्रेनियावर, 'नितळ' कोडावर, 'अस्तु' अल्झायमरवर, 'कासव' नैराश्यावर, 'एक कप च्या'मध्ये भलतंच मोठं वीजबिल आलेला एसटी कंडक्टर माहितीचा अधिकार वापरतो. ज्या घरात स्किझोफ्रेनियाचा पेशंट आहे त्या घराला 'देवराई' ही करमणूक नसते, ती त्यांची गरज असते. म्हणून अशा फिल्म्स थिएटरातून उतरल्या तरी संपत नाहीत, संस्था, डॉक्टर, शाळा त्या दाखवत राहतात. 'दहावी फ' आठवत असेल तुम्हाला, २००२ ची, तुमच्या कितीतरी सहकाऱ्यांनी ती शाळेतच पाहिली असेल.

आणि मधल्या काळात छोट्या फिल्म्स, माहितीपट, मालिका हे चालूच होतं. बाहेरून बघणाऱ्याला फक्त फीचर्स दिसतात, डझनाहून जास्त आहेत, पण त्या फीचर्सच्या मधल्या जागेत हात चालू ठेवणारं काम असतं आणि स्वतंत्र फिल्ममेकरचं घर बहुतेक त्याच कामावर चालतं. माझंही तसंच चालतं. संस्थेसाठी दहा मिनिटांची फिल्म करणं म्हणजे कमी दर्जाचं काम, असं समजणाऱ्यांशी मी वाद घालतो. तिथे अनोळखी माणसाला कॅमेऱ्यापुढे कसं मोकळं करायचं, दोन तासांच्या मुलाखतीतून चार मिनिटं कशी काढायची, हे जे शिकायला मिळतं ते फीचरच्या सेटवर शिकायला महाग पडतं.

आता टीकाही करतो, कारण नुसत्या कौतुकाचा तुम्हाला उपयोग नाही. या पद्धतीत एक धोका कायम असतो, विषय चांगला आहे म्हणून पात्रं विषयावर बोलायला लागतात. भावेंच्या काही फिल्म्समध्ये मला ते जाणवतं, 'नितळ'मध्ये विशेष, माणसं एकमेकांना समजावतायत आणि ते समजावणं खरं तर माझ्यासाठी चाललंय असं वाटतं. पण हीच बाई पुढे 'कासव' लिहिते. तिथे जीव द्यायला निघालेला एक मुलगा आहे, आणि त्याला आसरा देणारी जानकी त्याला काही विचारतच नाही. नाव विचारत नाही, का म्हणून विचारत नाही. खायला देते, जागा देते, थांबते. कोकणातल्या किनाऱ्यावर कासवाची अंडी जपण्याचं काम शेजारी चालू असतं आणि त्याबद्दलही कुणी भाषण करत नाही. नैराश्यावर फिल्म आहे आणि नैराश्याची व्याख्या त्यात कुणी सांगत बसत नाही. मग 'दिठी', दि. बा. मोकाशींच्या कथेवरची, मुलगा बुडून गेलेला रामजी लोहार, वारी, अडलेली गाय, पाऊस. त्यात तर मला वाटतं त्यांनी बोलणं गाळून गाळून अगदी कमी केलं. १९ एप्रिल २०२१ ला त्या गेल्या आणि 'दिठी' महिनाभरानं ओटीटीवर आली. जमलं तर 'बाई'पासून 'दिठी'पर्यंत जेवढं मिळेल तेवढं क्रमानं बघा. शैली कशी सापडते याचं उत्तर मी शब्दात देण्यापेक्षा तिथे जास्त नीट दिसेल: माणसं तीच आहेत, आस्था तीच आहे, फक्त समजावून सांगायची गरज हळूहळू कमी होत गेलीय. (ताम्हाणेच्याच 'द डिसायपल'मध्ये ज्या माईंचा, म्हणजे बुजुर्ग गायिकेचा, आवाज नायक सारखा ऐकत असतो तो सुमित्रा भावेंचा आहे. मला हे फार आवडतं, दोन वेगळ्या वाटेचे फिल्ममेकर असे एका ठिकाणी भेटले.)

आता तुमच्या फिल्मवर येऊ. ऊसतोड म्हटलं की मुकादम, उचल, कोयता, फडातलं पाचट, बैलगाडी हे सगळं दाखवायचा मोह होईल. तुमची ६ लाखाची फिल्म तिथे गेली की संपली, कारण फड शूट करायचा म्हणजे कारखान्याचा भाग, प्रवास, जास्त माणसं, जास्त परवानग्या. आणि ते इतरांनीही दाखवलंय. तुमच्याकडे जे आहे ते दुसऱ्या कुणाकडे नाही: रिकामा झालेला वर्ग. हजेरी घेताना कुणाची नावं गळतात ते तुम्हाला माहितीय. मागे राहिलेली पोरगी कुणाशेजारी जाऊन बसते, आजीला दिसत नाही म्हणून चुलीचं कोण बघतं, आईचा फोन किती वाजता येतो, हंगामी वसतिगृह कागदावर कसं आहे आणि प्रत्यक्षात कसं, हे तुम्हाला झोपेतसुद्धा सांगता येईल. फिल्म गावातच ठेवा, एक घर, एक शाळा, एक रस्ता. ऊस कुठेच दिसला नाही तरी चालेल. २० ते २५ मिनिटांची करा. फीचरचा विचार आत्ता नको, ६ लाखात फीचर ओढूनताणून होतं पण मग लोकांना पैसे न देता राबवावं लागतं आणि ते मला पटत नाही.

त्या ६ लाखातले मी तुमच्या जागी असतो तर ४ च लाख शूटिंग आणि एडिटिंग-साउंडला धरले असते. सहा-सात दिवस, दहा-बारा लोकांचं युनिट, गावातच मुक्काम, जेवण गावातल्या बचत गटाकडून. बाकीचे पैसे फिल्म पूर्ण झाल्यावर लागतात आणि ते कुणीच आधी बाजूला काढत नाही: सबटायटल्स, थिएटरसाठीची प्रिंट, फेस्टिव्हलच्या फिया, तुमचा प्रवास. सरकारी अनुदानाच्या भरवशावर राहू नका, मराठी चित्रपटांसाठीचं अनुदान मोठ्या फिल्म्सचं असतं आणि तेही फिल्म पूर्ण होऊन सेन्सॉर झाल्यावर, परीक्षण होऊन मिळतं.

नोकरी सोडू नका. हे मी सावधगिरी म्हणून सांगत नाहीये. तुमची नोकरी हाच तुमचा त्या विषयातला प्रवेश आहे. ती सोडून पुण्यात येऊन बसलात तर दोन वर्षांत तुम्ही ऊसतोडीच्या पोरांबद्दल बाहेरच्या माणसासारखं लिहायला लागाल. हां, घरात एकट्या कमावत्या आहात का, कर्ज आहे का, मुलं किती लहान हे मला माहीत नाही, त्यावर बरंच अवलंबून आहे, आणि पुढे खरंच दोन-तीन फिल्म्स झाल्या, कामं यायला लागली, तर तेव्हा बिनपगारी रजेचा विचार करता येईल. आत्ता उन्हाळी सुट्टी लिहिण्यासाठी आणि दिवाळीची सुट्टी शूटिंगसाठी, एवढं पुरेसं आहे. फक्त नोकरीत असताना फिल्म करायची तर खात्याची लेखी परवानगी घ्या, तोंडी हो म्हणालेल्या साहेबाची बदली होते. शाळेच्या आवारात शूट करायलाही वेगळी परवानगी काढा आणि शाळा व्यवस्थापन समितीत विषय ठेवा, म्हणजे गावात कुणाला परस्पर कळलं असं होणार नाही.

मुलीबद्दल जरा नीट वाचा, कारण इथे घाई करणारे खूप बघितलेत. चौदा वर्षांखालचं मूल फिल्ममध्ये काम करणार असेल तर निर्मात्याला, म्हणजे तुम्हाला, जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी लागते. दिवसाला ५ तासांपेक्षा जास्त काम नाही, विश्रांतीशिवाय सलग ३ तासांपेक्षा जास्त नाही, आणि मुलाच्या मानधनातली किमान २० टक्के रक्कम त्याच्या नावावर बँकेत मुदत ठेव ठेवायची. आईवडिलांची संमती तर हवीच, आणि ते ऊसतोडीला गेलेले असतील तर ती संमती ते गावात असतानाच, समोर बसून, सगळी गोष्ट सांगून घ्या. माझा सल्ला असा की जिची ही खरी गोष्ट आहे तिलाच कॅमेऱ्यापुढे उभं करू नका. तुम्ही तिच्या बाई आहात, ती तुम्हाला नाही म्हणूच शकणार नाही. शेजारच्या गावातली दुसरी मुलगी घ्या, नाव-तपशील बदला, आणि खऱ्या मुलीला स्क्रिप्ट वाचून दाखवा. ती जिथे म्हणेल असं नसतं बाई, तिथे खोडा. सुमित्राताईंच्या सुरुवातीच्या कामाचा मला लागलेला अर्थ हाच आहे, ज्यांची गोष्ट त्यांचा तिच्यावर हक्क.

फेस्टिव्हलचं थोडक्यात. फिल्म तयार झाल्याझाल्या यूट्यूबवर टाकू नका, बरेच फेस्टिव्हल्स आधी ऑनलाइन आलेली फिल्म घेत नाहीत. शॉर्ट फिल्मसाठी मिफ, म्हणजे मुंबई आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव, आहे, तो वर्षाआड होतो, तिरुअनंतपुरमला माहितीपट आणि लघुपटांचा महोत्सव होतो, या दोन्ही ठिकाणी अशा विषयांना समजून घेणारा प्रेक्षक भेटतो. पण त्याआधी, एडिट पक्कं करायच्या आधी, एक रफ कट, म्हणजे कच्ची जुळणी, गावात दाखवा, शाळेच्या भिंतीवर प्रोजेक्टर लावून. ऊसतोडीहून लोक परत आल्यावर, म्हणजे साधारण मार्च-एप्रिलनंतर. त्यांची कुजबुज कुठे सुरू होते, कुठे कुणी उठून जातं, कुठे एखादी बाई पदर डोळ्याला लावते, हे मागे उभं राहून बघा आणि वहीत मिनिट लिहून ठेवा. संस्थांसाठीच्या फिल्म्स मी अशाच तपासतो आणि एडिटिंगच्या टेबलावर सहा आठवडे न सुचलेली गोष्ट त्या एका संध्याकाळी कळते.

या हिशोबानं वेळापत्रक असं निघतं की दिवाळीत शूटिंग करायचं तर जिल्हाधिकारी कार्यालयातला अर्ज पावसाळ्यातच द्यायला हवा, आणि त्यासोबत मुलीचं आणि पालकांचं संमतिपत्र, शूटिंगच्या तारखा, तिच्या सुरक्षिततेची आणि अभ्यासाची व्यवस्था हे सगळं लिहून द्यावं लागतं. म्हणजे स्क्रिप्टचा पहिला खर्डा त्याआधी. झाला की इथेच सांगा, मी वाचून देईन.